मेनाहेम गोलान: आधी पोस्टर, मग पिक्चर

ऐंशीच्या दशकात व्हिडिओ लायब्ररीतून निंजाचे नाहीतर चक नॉरिसचे पिक्चर भाड्याने आणून ज्यांनी बघितलेत त्यांना 'कॅनन' हे नाव नक्की आठवत असणार. ती कंपनी चालवत होते दोन इस्रायली चुलतभाऊ, मेनाहेम गोलान आणि योराम ग्लोबस. गोलान पिक्चर काढायचा, ग्लोबस पैसे सांभाळायचा, म्हणजे जितके सांभाळता येतील तितके.

गोलानचा जन्म 1929 चा, गॅलिली सरोवराकाठच्या टायबेरियसचा. मूळ आडनाव ग्लोबसच, पण 1948 मध्ये देश झाला तेव्हा बदलून घेतलं. हवाई दलात होता, मग लंडनला नाटक शिकला, नंतर अमेरिकेत निर्माता-दिग्दर्शक रॉजर कॉर्मनच्या हाताखाली उमेदवारी केली, आणि कमी पैशात भराभर शूटिंग कसं उरकायचं ते तिथे बघितलं. परत येऊन निर्माता म्हणून केलेला 'सल्लाह शबाती' (1964) ऑस्कर नॉमिनेशन मिळवणारा पहिला इस्रायली सिनेमा ठरला. म्हणजे माणूस नुसता मारामारीवाला नव्हता हे आधीच सांगून ठेवतो.

अडचण अशी की इस्रायलचं मार्केट एवढंसं. 1978 चा 'लेमन पॉप्सिकल' तिथे तुफान चालला, तरी मोठा पैसा हवा तर माल बाहेर विकायलाच लागणार, म्हणून 1979 मध्ये दोघांनी डबघाईला आलेली कॅनन साधारण पाच लाख डॉलरमध्ये घेतली आणि थेट हॉलिवूड गाठलं.

आता खरी गंमत. गोलान कान्सच्या फिल्म फेस्टिव्हलला जायचा तो पोस्टर घेऊन. पिक्चर नाही, कधीकधी स्क्रिप्टसुद्धा नाही, फक्त हिरोचं नाव आणि मागे एखादा स्फोट. ते बघून देशोदेशीचे डिस्ट्रिब्युटर आगाऊ करार करायचे, तो करार बँकेला दाखवायचा, नेदरलँड्समधला बँकर फ्रान्स आफमन कर्ज द्यायचा, आणि त्या पैशात शूटिंग. फ्रेंच दिग्दर्शक गोदारबरोबरचा करार तर 1985 मध्ये कान्सला जेवणाच्या टेबलावर नॅपकिनवर झाला. त्याच कॅननने अमेरिकन दिग्दर्शक कासावेट्सचा 'लव्ह स्ट्रीम्स' काढला आणि त्याला 1984 मध्ये बर्लिन फेस्टिव्हलचं सर्वोच्च बक्षीस, गोल्डन बेअर, मिळालं, हे मला अजूनही भारी वाटतं.

पण या धंद्यात थांबता येत नाही, जुनं कर्ज फेडायला नवा पिक्चर लागतोच. 1986 मध्ये तर यांनी ब्रिटनमधला एल्स्ट्री स्टुडिओ आणि थिएटरांची अख्खी साखळीच घेतली, वर अमेरिकेत शेअर बाजाराच्या नियामकाने हिशोब तपासायला घेतले. सगळ्यात वाईट हाल झाले 'सुपरमॅन 4' चे (1987). बजेट निम्म्यावर आणलं आणि न्यूयॉर्कमधलं संयुक्त राष्ट्रांचं मुख्यालय म्हणून इंग्लंडमधलं मिल्टन कीन्स दाखवलं! क्रिस्टोफर रीव्ह बिचारा तिथे केप घालून चालतोय.

शेवटी इटलीच्या जियानकार्लो पारेत्तीने कंपनी ताब्यात घेतली, 1989 मध्ये गोलान बाहेर पडला आणि भावाभावांत फाटलं. इतकं की मार्च 1990 मध्ये दोघांचे लांबाडा नाचावरचे दोन वेगळे पिक्चर एकाच दिवशी रिलीज झाले, आणि दोन्ही पडले.

जाताना गोलानने स्पायडरमॅनचे हक्क मात्र सोबत नेले. कॅननने ते 1985 मध्ये सव्वादोन लाख डॉलरला घेतलेले. पिक्चर काही झाला नाही, पण सवयीप्रमाणे त्याचे टीव्हीचे हक्क एकाला, व्हिडिओचे दुसऱ्याला आधीच विकून मोकळा, त्यामुळे नक्की कुणाचं काय यावरची कोर्टबाजी थेट 1999 पर्यंत चालली.