सिल्वी : आईच्या आणि आजीच्या भूमिकांमागची कारकीर्द

अमेरिकेतल्या 'नॅशनल सोसायटी ऑफ फिल्म क्रिटिक्स'ने 1966 या वर्षासाठी पहिल्यांदा पुरस्कार दिले. त्यात सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली ऐंशी ओलांडलेली फ्रेंच नटी सिल्वी. तोवर तिच्या वाट्याला आल्या होत्या त्या बहुतेक आई, आजी, म्हाताऱ्या शेजारणी.

1883 साली पॅरिसमध्ये जन्मलेली सिल्वी मुळात रंगभूमीवरची. झोलाच्या कादंबरीवरच्या 'जर्मिनाल' (1913) या मूकपटात तिने खाणीत राबणारी कॅथरीन केली होती. पण पडद्यावर ती रुळली बोलपट आल्यावर. संवाद पेलणारी माणसं हवी होती आणि ती नाटकातूनच येत होती. तेव्हा सिल्वी पन्नाशीच्या घरात होती. नायिकेच्या भूमिका मिळण्यासारख्या नव्हत्याच.

तिची ताकद बघायची तर जर्मन ताब्यातल्या फ्रान्समधलं 1943 हे वर्ष घ्यावं. दिग्दर्शक ब्रेसाँच्या 'लेझांज द्यु पेशे'मध्ये ती मठाची प्रमुख आहे. त्याच वर्षीच्या, दिग्दर्शक क्लूझोच्या 'ल कोर्बो'मध्ये गावभर निनावी पत्रं फिरतात. अशाच एका पत्रातून आपला कर्करोग बरा होणारा नाही हे कळल्यावर रुग्णालयातला एक तरुण वस्तऱ्याने गळा चिरून घेतो. सिल्वी त्याची आई. ती तो वस्तरा जपून ठेवते. शेवटी पत्रं लिहिणारा टेबलाशी मरून पडलेला डॉक्टरला दिसतो, आणि खिडकीतून दिसते काळ्या कपड्यांतली ती आई, रस्त्याने सावकाश निघून जाणारी. जेमतेम काही प्रसंगांची भूमिका, पण चित्रपटाचा न्याय तिच्या हातून होतो. मला तरी 'ल कोर्बो' आठवतो तो त्या चालण्यासकट.

दहा वर्षांनी मार्सेल कार्नेच्या 'तेरेझ राकँ'मध्ये तिच्याकडून बोलणंही काढून घेतलं गेलं. मुलाच्या मृत्यूच्या धक्क्याने अर्धांगवायू झालेली सासू नुसत्या नजरेने सुनेवर पाळत ठेवते. समोर सिमोन सिन्योरेसारखी अभिनेत्री असूनही त्या खोलीतला दरारा सिल्वीचा आहे. मधल्या काळात 'डॉन कामियो'तली राजनिष्ठ शिक्षिका आणि 'सू ल सिएल द पारी'मधली, मांजरांच्या दुधासाठी पैसे शोधत पॅरिसभर वणवणणारी म्हातारीही तिचीच.

मग दिग्दर्शक रने आलिओ आला. तोही नाटकातलाच, नेपथ्यकार. 'तीन पैशाचा तमाशा'मुळे आपल्या ओळखीचा झालेल्या जर्मन नाटककार ब्रेख्तची एक कथा त्याने फ्रान्समधल्या मार्से शहरात आणली आणि 1965 साली 'ला व्येय दाम अँदिन्य' पडद्यावर आला. जन्मभर घरासाठी खपलेली मादाम बेर्तीनी विधवा होते. आता आई कुणाकडे राहणार याची मुलांना चिंता, आणि ही सामान विकून मोटार घेते, आपल्याहून कितीतरी तरुण मैत्रिणीबरोबर हिंडते. सिल्वी ही बंडखोरी गाजावाजा न करता, नवलाईने उजळलेल्या चेहऱ्याने करते. आयुष्यभर दोन-चार प्रसंगांत माणूस उभं करायची सवय असलेल्या नटीला इथे सबंध चित्रपट मिळाला, आणि तिने त्यातला एकही क्षण वाया घालवला नाही. अमेरिकेतला तो पुरस्कार याच भूमिकेसाठी.

1970च्या जानेवारीत ती गेली. सहाय्यक अभिनेत्रीसाठीचा सेझार हा चित्रपट पुरस्कार फ्रान्समध्ये सुरू झाला तो 1976 साली.