एक नाव, अनेक कपाटे : ‘विष्णू’ नोंदींची पार्श्वभूमी

ग्रंथालयाच्या संगणकावर लेखकाच्या रकान्यात नुसते ‘विष्णु’ टंकले, की ‘ययाति’ आणि ‘माझा प्रवास’ एकाच यादीत येतात. पाठोपाठ निबंधमाला, ‘वेदोक्त धर्मप्रकाश’, ‘नटसम्राट’, बोकिलांच्या हलक्याफुलक्या कादंबऱ्या. पौराणिक कथानक, सत्तावन्नच्या बंडात सापडलेल्या भिक्षुकाची हकीकत, धर्मचर्चा, नाटक यांचे एकमेकांशी काही नाते नाही. लिहिणाऱ्यांचे पाळण्यातले नाव विष्णू, एवढेच साम्य. आणि त्यातल्या दोघांच्या बाबतीत तेही खरे नाही. त्याकडे पुढे येऊ.

कपाटात ही पुस्तके कधीच शेजारी उभी राहत नाहीत. दशांश वर्गीकरणात ‘ययाति’ ८९१.४६३ वर जाते, ‘नटसम्राट’ ८९१.४६२ वर, निबंधमाला ८९१.४६४ वर आणि ‘माझा प्रवास’ थेट इतिहासात, ९५४.०३१७ वर. वर्गांक विषय पाहतो, लेखकाचे नाव त्यानंतर. मग ही पहिल्या नावाची रांग आली कुठून?

तिचे मूळ लंडनमध्ये आहे. १८४१ साली तिथल्या एका मोठ्या ग्रंथालयाने सूचीकरणाचे ९१ नियम छापले. युरोपीय लेखक आडनावाखाली लावायचे. ज्यू रब्बी आणि एकूणच पौर्वात्य लेखक मात्र पहिल्या नावाखाली, असे त्यात ठरले. नियम करणाऱ्यांसमोर तेव्हा होती ती अरबी, फारसी, संस्कृत हस्तलिखिते. मराठी छापील पुस्तकांचा ढीग त्यांच्या दारात यायला अजून अवकाश होता. तो आला तेव्हा नियम तयारच होता. त्याच संग्रहातल्या मराठी आणि गुजराती छापील पुस्तकांची सूची १८९२ साली निघाली तीही याच वळणाची. त्या पद्धतीत विष्णुशास्त्री चिपळूणकर आणि विष्णुशास्त्री पंडित शेजारी शेजारी बसतात. पंडितांनी ईश्वरचंद्र विद्यासागरांच्या विधवाविवाहावरच्या पुस्तकाचे मराठी भाषांतर केले, चिपळूणकरांनी सुधारकांवर लेखणी चालवली. नावाच्या गोंधळामुळे एकाचे श्रेय दुसऱ्याला देणारी वाक्ये अजूनही छापून येतात, आणि तो दोष काही सूचीचा नाही.

मुंबई इलाख्यात दुसरा प्रवाह वाहत होता. १८६७ च्या छापखाने आणि पुस्तक नोंदणीच्या कायद्याने प्रत्येक छापील पुस्तकाची प्रत सरकारकडे देणे आणि तिची तिमाही यादीत नोंद होणे सक्तीचे झाले. मराठी मुखपृष्ठावर लेखक, वडील आणि आडनाव अशी तीनपदरी नावे स्थिरावण्यात शाळेचे दाखले, नोकरीची कागदपत्रे आणि अशा याद्या यांचा वाटा होता. त्याआधीच्या काळाबद्दल इथे फार बोलण्याची गरज नाही. ज्ञानेश्वर, नामदेव, म्हाइंभट यांना कोणी आडनावाखाली शोधत नाही.

खरा घोळ झाला तो आडनावाकडे वळताना. विसाव्या शतकातल्या सूचीसंहितांनी पौर्वात्य लेखकांचा सरसकट नियम सोडला. १९७८ च्या आंग्ल-अमेरिकी संहितेत भारतीय नावांसाठी २२.२५ हा स्वतंत्र नियम आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापूर्वी जो लेखक कर्तृत्वाच्या भरात होता, त्याची नोंद व्यक्तिनामाखाली करायची. नंतरचा असेल तर आडनावाखाली. वाचायला सरळ. पण मराठीत जुन्याकडून नव्याकडे जाणारी सगळी माणसे नेमकी याच रेषेवर उभी आहेत, आणि विष्णू नावाच्या लेखकांवर हा नियम लावून पाहिला की तो कुठे कुठे फाटतो ते दिसते.

चिपळूणकरांपासून सुरुवात करू. जन्म १८५०, निबंधमाला १८७४ पासून, मृत्यू १८८२. ते बिनतक्रार आडनावाखाली. त्यांचे वडील कृष्णशास्त्री १८२४ चे. त्यांचे नाव झाले ते शतकाच्या मध्यानंतर, म्हणून तेही आडनावाखाली जातात. बापलेक सूचीकार्डांच्या एका खणात राहिले, हे नशीबच. वडील वीस वर्षे आधी जन्मले असते तर याच नियमाने एक ‘कृ’त आणि दुसरा ‘च’त गेला असता.

विष्णुशास्त्री पंडितांचा जन्म १८२७ चा, मृत्यू १८७६ चा. इथे अडचण सालाची नसून ‘पंडित’ या शब्दाची आहे. उपाध्या गाळा, असे नियम सांगतो. नवखा सूचीकार शास्त्री गाळतो, पंडितही गाळतो, आणि त्याच्या हाती ‘विष्णु परशुराम’ एवढेच उरते. हे पंडित म्हणजे आडनाव. नोंद ‘पंडित, विष्णु परशुराम’ अशी हवी, आणि ‘विष्णुशास्त्री पंडित’ या रूपाखाली ‘पाहा’ची चिठ्ठी, म्हणजे मुख्य नोंदीकडे पाठवणारी नोंद, हवी.

‘माझा प्रवास’ लिहिणारे विष्णुभट गोडसे वरसईकर १८२७ चे. प्रवास सत्तावन्नचा, लेखन त्यानंतर पंचवीसेक वर्षांनी, छपाई लेखकाच्या निधनानंतर १९०७ मध्ये. ‘कर्तृत्वाचा काळ’ म्हणून यातले कोणते साल धरायचे? कोणतेही धरले तरी ते मध्यरेषेच्या अलीकडेच पडते, म्हणून ‘गोडसे, विष्णुभट’. वरसईकर हे गावावरून आलेले रूप, त्याखाली संदर्भनोंद. इथे आणखी एक गोष्ट पाळावी लागते. १९०७ ची प्रत संपादकाचा हात फिरलेली आहे. मूळ हस्तलिखितावरून सिद्ध केलेली आवृत्ती १९६६ मध्ये आली. दोन्ही आवृत्त्यांचा लेखक एकच, संपादक वेगळे. संपादकाच्या नावाची वेगळी नोंद, म्हणजे जोडनोंद, न करता दोन्ही प्रती एकाच नोंदीला टांगल्या, तर इतिहासाच्या विद्यार्थ्याच्या हाती कोणता मजकूर पडेल ते दैवावर. ही चूक सर्रास होते आणि आडनाव बरोबर की चूक यापेक्षा तिने होणारे नुकसान मोठे असते.

सगळ्यांत अवघड विष्णुबुवा ब्रह्मचारी. मूळ नाव विष्णु भिकाजी गोखले. जन्म १८२५, ‘वेदोक्त धर्मप्रकाश’ १८५९, मृत्यू १८७१. सालाच्या हिशेबाने ते आधुनिक, म्हणजे आडनाव हवे. पण कोणते? गोखले या नावाने त्यांना कोणी ओळखत नाही आणि ब्रह्मचारी हे आडनावच नाही, ते व्रत आहे. तरी ‘ब्रह्मचारी, विष्णुबुवा’ अशी कार्डे सापडतात, कारण शेवटचा शब्द ते आडनाव असा हिशेब हाताला बसलेला असतो. योग्य शीर्षक, म्हणजे नोंदीच्या डोक्यावरचे नाव, ‘विष्णुबुवा ब्रह्मचारी’ असेच सलग, स्वल्पविरामाशिवाय. आणि ‘गोखले, विष्णु भिकाजी’ तसेच ‘ब्रह्मचारी’ या दोन्हींखाली ‘पाहा’. ज्याला आडनावाने कोणी ओळखतच नाही, त्याच्यासाठी सालाची रेषा निरुपयोगी आहे. मुखपृष्ठावर आडनाव आहे का आणि ते आडनाव म्हणून वापरात आहे का, हाच निकष पुरेसा होता. मराठीपुरते साल लागतच असेल, तर १८६७ तरी धरायचे. त्या सालाला नोंदणीचा आधार आहे, १८५० ला कसलाही नाही.

विष्णु भिकाजी म्हटले की दुसरेही एक नाव समोर येते : महानुभाव वाङ्मयाचे अभ्यासक विष्णु भिकाजी कोलते. पहिल्या नावाच्या रांगेत गोखले आणि कोलते असे चिकटून बसतात की साल न पाहता काम करणारा दोघांना एक करून टाकतो. जन्म-मृत्यूची साले शीर्षकात घालण्याचा आग्रह यासाठीच असतो. कोलते १९०८ ते १९९८. त्यांनी संपादित केलेल्या ‘लीळाचरित्रा’ची मुख्य नोंद अर्थात म्हाइंभटांच्या नावाखाली होते, कोलत्यांची जोडनोंद. म्हणजे एकाच कार्डावर एक माणूस व्यक्तिनामाने आणि दुसरा आडनावाने.

आडनावाकडे वळल्यावर विष्णूंची रांग मोडली, पण तिच्या जागी आद्याक्षरे आली. मराठी प्रकाशकांना ‘वि.’ फार प्रिय. वि. स. म्हटले की खांडेकर आठवतात, पण वि. स. वाळिंबे हे विनायक सदाशिव आणि वि. स. पागे हे विठ्ठल सखाराम. वि. वा. शिरवाडकर विष्णु वामन, तर ऐतिहासिक कादंबऱ्या लिहिणारे वि. वा. हडप विठ्ठल वामन. वि. का. राजवाडे विश्वनाथ, वि. दा. सावरकर विनायक, वि. वि. बोकील विष्णू. ‘वि.’वरून विष्णू गृहीत धरणाऱ्याच्या यादीत निम्मी नावे चुकीची असणार. शिवाय ‘वि. स.’ला एकाच खणात कादंबरी आणि इतिहासचरित्र दोन्ही येतात, म्हणजे विषयावरूनही माणूस ओळखता येत नाही. पुस्तक उघडून मुखपृष्ठामागचे पान पाहावेच लागते.

आता त्या दोघांविषयी. विष्णु सखाराम खांडेकर जन्माने गणेश आत्माराम. विष्णु वामन शिरवाडकर जन्माने गजानन रंगनाथ. दोघेही दत्तक गेले, दोघांचे पहिले नाव आणि वडिलांचे नाव बदलले, आडनाव तेवढे टिकले. दोघेही गणपतीची नावे टाकून विष्णू झाले आणि पुढे दोघांना ज्ञानपीठ मिळाले, १९७४ चे आणि १९८७ चे, हा निव्वळ योगायोग. पण सूचीकाराला त्याचा अर्थ कळतो. दत्तक नाव हेच वापरातले नाव, त्यामुळे शीर्षक तेच. जन्मनावाखाली संदर्भनोंद करावी का, यावर मतभेद आहेत. त्या नावाने पुस्तक छापलेले नसेल तर अशी चिठ्ठी म्हणजे खणातली अडगळ, असे पूर्वी मानत. कार्डाचा आकार १२.५ गुणिले ७.५ सेंटिमीटर आणि खण ठरावीक लांबीचा, तेव्हा हे म्हणणे रास्त होते. संगणकावर जागेचा प्रश्न नाही, तेव्हा ही नोंद करून ठेवणेच बरे. चरित्रलेखकाला तिचा उपयोग होतो.

शिरवाडकरांच्या बाबतीत आणखी एक गाठ आहे. कविता कुसुमाग्रज या नावाने, नाटके आणि कादंबऱ्या शिरवाडकर या नावाने. ‘विशाखा’ एका शीर्षकाखाली आणि ‘नटसम्राट’ दुसऱ्या, असे चालेल का? १९८८ च्या सुधारित संहितेने समकालीन लेखकाला अशी दोन स्वतंत्र शीर्षके ठेवायची मुभा दिली, दोन्हींमध्ये ‘हेही पाहा’ जोडून. त्याआधीच्या अनेक खणांत सगळे शिरवाडकरांखाली एकवटलेले होते. जुनी कार्डे तशीच संगणकात चढवली आणि नवी पुस्तके नव्या नियमाने नोंदवली, म्हणून एकाच ग्रंथालयात ‘विशाखा’च्या दोन प्रती दोन लेखकांच्या दिसतात.

संगणकाने विष्णूंची मोडलेली रांग पुन्हा जुळवली, न मागता. शब्दशोध स्वल्पविरामाच्या अलीकडे-पलीकडे पाहत नाही. ‘विष्णु’ जिथे असेल तिथून उचलतो. पण त्यात एक खोच आहे ती ऱ्हस्व-दीर्घाची. १९६२ च्या शुद्धलेखन नियमांनी शब्दाच्या शेवटचा इकार-उकार दीर्घ केला, व्यक्तिनामांतही. म्हणून त्याआधीच्या मुखपृष्ठांवर ‘विष्णु’ आणि नंतरच्यांवर पुष्कळदा ‘विष्णू’. समासात मात्र ऱ्हस्वच राहतो : विष्णुशास्त्री, विष्णुभट, विष्णुबुवा, विष्णुदास. संगणकाला ऱ्हस्व उकार आणि दीर्घ ऊकार ही दोन वेगळी चिन्हे आहेत आणि ऱ्हस्वाचा क्रम आधी. त्यामुळे पहिल्या नावाची यादी काढली तर आधी ‘विष्णु वामन’, मग विष्णुदास, विष्णुबुवा, विष्णुभट, विष्णुशास्त्री आणि या सगळ्यांच्या खाली पुन्हा ‘विष्णू वामन’. एकच शिरवाडकर यादीच्या दोन टोकांना.

उपाय आहेत. अधिकृत नामसूचीत लेखकाचे एकच रूप ठरवायचे. संगणकीय ग्रंथनोंदींच्या ‘मार्क २१’ या आराखड्यात ते १०० व्या क्षेत्रात जाते : ‘ए’ उपक्षेत्रात ‘खांडेकर, वि. स.’, ‘क्यू’मध्ये आद्याक्षरांचा विस्तार ‘विष्णु सखाराम’, ‘डी’मध्ये १८९८–१९७६. ऱ्हस्व-दीर्घाची दुसरी रूपे, जोडून आणि सोडून लिहिलेली ‘विष्णुभट’ व ‘विष्णु भट’ ही रूपे, रोमन रूपे, जन्मनाव, हे सगळे नामनोंदीच्या ४०० व्या क्षेत्रात. ‘क्यू’ रिकामे ठेवले तर ‘वि.’चा विष्णू शब्दशोधात कधीच सापडत नाही. यादीत बोकील दिसत नाहीत तेव्हा कारण बहुधा हेच असते.

ज्याला सगळे विष्णू एकत्र हवे आहेत त्याने शोध ‘विष्ण’ एवढ्यावर तोडून तारांकन लावावे. ‘विष्णु’वर तोडले तर समास मिळतात, दीर्घ रूपे निसटतात. तारांकन लावूनही काहीच येत नसेल, तर निर्देशांक देवनागरीसाठी बांधलेला नाही आणि यंत्रणा मात्रा-उकारांवर शब्द तोडते आहे, असे समजावे. आलेल्या यादीतून ‘विष्णुपुराण’, ‘विष्णुसहस्रनाम’ यांसारखी ग्रंथनामे वगळायला शोध लेखकाच्या क्षेत्रापुरता बांधावा लागतो. त्यानंतर ‘वि.’ने सुरू होणाऱ्या नोंदी वेगळ्या काढून एकेकाचा विस्तार तपासायचा. हे काम यंत्र करत नाही. आणि ज्या नोंदीत संपादक नुसता ७०० व्या, म्हणजे जोडनोंदीच्या, क्षेत्रात आहे, तिथे शोध जोडनोंदींपर्यंत पोहोचतो का ते आधी पाहावे. नाहीतर कोलत्यांचे लीळाचरित्र यादीबाहेर राहते.