जिम हेन्री आणि बार्बरशॉप गायकीची हरवलेली मुळं

जुलै २००९ मध्ये कॅलिफोर्नियातल्या अ‍ॅनाहाइम शहरात बार्बरशॉप गायनाची आंतरराष्ट्रीय स्पर्धा झाली. चौकडीच्या गटात 'क्रॉसरोड्स'नं सुवर्णपदक मिळवलं आणि वृंदाच्या गटात मिझुरी राज्यातल्या सेंट चार्ल्सच्या 'अ‍ॅम्बॅसडर्स ऑफ हार्मनी'नं. क्रॉसरोड्समध्ये खर्ज गाणारा गायक आणि अ‍ॅम्बॅसडर्सचा संचालक ही एकच व्यक्ती होती, जिम हेन्री. एकाच स्पर्धेत गायक म्हणूनही पहिलं यायचं आणि दिग्दर्शक म्हणूनही, याच्या वरची पायरी या क्षेत्रात नाही.

हेन्री यांच्या पदकांची यादी लांब आहे, ती ओघात येईलच. त्यांच्याबद्दल सविस्तर लिहावंसं वाटलं ते मात्र त्यांच्या पीएचडीच्या प्रबंधामुळे. ज्या गायकीनं त्यांना नाव दिलं ती मुळात कुणाची, हा प्रश्न त्यांनी त्यात हाती घेतला. आणि जे उत्तर निघालं ते त्यांच्या स्वतःच्या बिरादरीला पचायला जड होतं.

आधी ही गायकी काय आहे ते पाहू. चार आवाज, वाद्य एकही नाही. चाल गाणारा 'लीड'. त्याच्या वरच्या पट्टीत हलक्या आवाजात गाणारा 'टेनर'. तळाला 'बास', म्हणजे आपला खर्ज. आणि चौथा 'बॅरिटोन', जो कधी लीडच्या खाली तर कधी वर जाऊन स्वरमेळात राहिलेली जागा भरतो. बॅरिटोनची ओळ एकटी ऐकली तर तिला चाल अशी नसतेच, नुसत्या वेड्यावाकड्या उड्या असतात. पण ती काढून घेतली की मेळ पोकळ पडतो.

या गायकीचा जीव एका विशिष्ट स्वरमेळात आहे: सा, ग, प आणि कोमल नी एकाच वेळी. त्यांच्या कंपनसंख्यांचं प्रमाण ४:५:६:७ असं नेमकं बसलं, की चौघांच्या आवाजातले उपस्वर एकमेकांवर पडतात आणि कुणीच न गायलेला स्वर खोलीत ऐकू येतो. बार्बरशॉपवाले याला 'रिंग' म्हणतात. जवारी नीट लागलेल्या तानपुऱ्याच्या खर्जाच्या तारेतून स्वयंभू गंधार उमटतो, त्यामागचं तत्त्वही हेच आहे. गंमत कोमल निषादाची आहे. या मेळातला निषाद पेटीवरच्या कोमल निषादापेक्षा जवळजवळ एक तृतीयांश अर्धस्वर खाली असतो. पियानोवर तो सापडत नाही, गळ्यानंच शोधावा लागतो. म्हणून हे गायक पियानोच्या साथीनं गात नाहीत. सुरुवातीचा सूर एका छोट्या गोल पिपाणीवर घेतात आणि पुढचं सगळं कानावर सोडतात.

आता इतिहास. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी अमेरिकेत, विशेषतः दक्षिणेकडे, न्हाव्याचा धंदा मोठ्या प्रमाणात कृष्णवर्णीयांच्या हातात होता. दुकान म्हणजे बसायची, गप्पांची, गाण्याची जागा. कवी आणि लेखक जेम्स वेल्डन जॉन्सन फ्लोरिडातल्या जॅक्सनव्हिलमध्ये वाढले. आपल्या लहानपणी तिथल्या प्रत्येक केशकर्तनालयाची जणू स्वतःची चौकडी होती, असं त्यांनी १९२५ मध्ये लिहून ठेवलं आहे. गाता गाता कुणाला नवा, भरदार मेळ सापडला की बाकीचे त्याला तो धरून ठेवायला ओरडून सांगत, आणि सगळ्यांच्या कानात पक्का बसेपर्यंत तो तसाच लांबवला जाई. ब्लूजचे जनक म्हणून ओळखले जाणारे डब्ल्यू. सी. हँडी तरुणपणी चौकडीत गात. जाझचे विख्यात कलावंत लुई आर्मस्ट्राँग लहानपणी न्यू ऑर्लिन्सच्या रस्त्यांवर चौघांच्या टोळीत गाऊन पैसे मिळवत. कृष्णवर्णीय संगीतकार स्कॉट जॉप्लिन यांच्या १९११ मध्ये प्रकाशित झालेल्या 'ट्रीमनिशा' या ऑपेरातही शेतमजुरांच्या तोंडी अशाच धाटणीचा तुकडा आहे.

रेकॉर्ड कंपन्या आल्या तेव्हा त्यांनी बहुतांशी गोऱ्या चौकड्यांची गाणी मुद्रित केली. घराघरांत तेच आवाज पोहोचले. पुढे जाझ आणि रेडिओच्या लाटेत ही गाणी मागे पडली आणि उरली ती एक आठवण: गोरे पुरुष, मिशा, पट्ट्यापट्ट्यांचे जाकीट, गवती टोपी. १९३६ मध्ये नॉर्मन रॉकवेल यांनी 'सॅटर्डे इव्हिनिंग पोस्ट' या साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर दाढीला साबण लावलेल्या गिऱ्हाइकासह गाणारी चौकडी रंगवली. हे चित्र इतकं पक्कं झालं की त्याआधीचं काही असेल, असं कुणाला वाटेना.

दोन वर्षांनी, ११ एप्रिल १९३८ रोजी, ओक्लाहोमातल्या टल्सा शहरात कर सल्लागार वकील ओ. सी. कॅश आणि त्यांचे मित्र रुपर्ट हॉल यांनी गाण्याची हौस असलेल्यांना एका क्लबच्या गच्चीवर बोलावलं. २६ जण आले. आज 'बार्बरशॉप हार्मनी सोसायटी' म्हणून ओळखली जाणारी संस्था तिथून उभी राहिली. जुनी गोष्ट जपायची हा तिचा हेतू होता आणि तो प्रामाणिक होता. पण जपायचं ते कुणाचं, हे मात्र विसरलं गेलं होतं.

विसरण्याचं रूपांतर नाकारण्यात व्हायला तीन वर्षं पुरली. १९४१ च्या राष्ट्रीय स्पर्धेसाठी न्यू यॉर्कमधून 'ग्रँड सेंट्रल रेड कॅप्स' ही चौकडी निवडून आली. हे गायक कृष्णवर्णीय होते, ग्रँड सेंट्रल स्थानकावरच्या हमालांच्या लाल टोप्यांवरून चौकडीचं नाव पडलं होतं. संस्थेनं त्यांना स्पर्धेत गाऊ दिलं नाही. न्यू यॉर्कचे माजी गव्हर्नर अल स्मिथ आणि शहराच्या उद्यान विभागाचे प्रमुख रॉबर्ट मोझेस या दोघांनी निषेध म्हणून संस्थेचा राजीनामा दिला. संस्था ढिम्म हलली नाही. कृष्णवर्णीयांना सदस्यत्वाची बंदी १९६३ पर्यंत चालू राहिली. स्त्रियांच्या 'स्वीट अ‍ॅडलाइन्स' या संघटनेतही असाच नियम होता. १९५० च्या दशकाच्या शेवटी तो न पटलेल्या गायिकांनी बाहेर पडून 'हार्मनी इन्कॉर्पोरेटेड' ही वेगळी संस्था काढली. या बायकांचं नाव बार्बरशॉपच्या इतिहासात आणखी मोठ्या अक्षरांत यायला हवं होतं, असं मला नेहमी वाटतं.

रेड कॅप्सना ज्या स्पर्धेची दारं बंद झाली, ती सेंट लुइस शहरात भरली होती. जिम हेन्री यांची कारकीर्द याच शहराच्या परिसरात घडली.

त्यांची पहिली मोठी ओळख 'गॅस हाउस गँग' या चौकडीमुळे झाली. नाव घेतलं ते सेंट लुइस कार्डिनल्सच्या १९३० च्या दशकातल्या गाजलेल्या बेसबॉल संघाच्या टोपणनावावरून. किप बकनर टेनर, रिच नाइट लीड, जिम यांचे भाऊ रॉब हेन्री बॅरिटोन आणि जिम खर्जाला. १९९३ मध्ये कॅनडातल्या कॅल्गरी इथं त्यांनी आंतरराष्ट्रीय सुवर्णपदक जिंकलं. दोन सख्खे भाऊ एकाच चौकडीत असले की त्याचा एक फायदा असतो. स्वरोच्चाराची धाटणी मुळातच जुळलेली असते, 'आ' आणि 'ओ' एकाच साच्यातून येतात आणि रिंग लवकर सापडते. २००३ मध्ये रॉब यांचं कर्करोगानं निधन झालं आणि गॅस हाउस गँगचा प्रवास तिथं थांबला.

पुढच्याच वर्षी, २००४ मध्ये, लुइव्हिल इथं अ‍ॅम्बॅसडर्स ऑफ हार्मनीनं जिम यांच्या दिग्दर्शनाखाली पहिलं सुवर्णपदक मिळवलं. मिझुरी नदीकाठच्या सेंट चार्ल्समधला हा पुरुषांचा वृंद. गायक हौशी, दिवसभर आपापली कामं करून आठवड्यातून एकदा तालमीला जमणारे. या वृंदाला आणखी एक विलक्षण माणूस लाभला: डेव्हिड राइट. वॉशिंग्टन विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक आणि बार्बरशॉप जगातले अव्वल स्वरसंयोजक. गाण्याचे चार आवाजांत मेळ बांधायचं काम राइट यांचं आणि ते शंभराहून अधिक गळ्यांतून उतरवायचं काम हेन्री यांचं.

चौघांनी जे साधायचं ते शंभर जणांनी साधणं किती अवघड आहे, हे बाहेरून लक्षात येत नाही. ओळी चारच राहतात, फक्त प्रत्येक ओळीवर पंचवीस-तीस माणसं उभी असतात. एकानं जरी स्वर किंचित वेगळा उघडला तरी उपस्वर विस्कटतात आणि रिंग जाते. शिवाय संथ गाण्यांना ठेका नसतो. शब्द बोलल्यासारखे, थांबत, ओढत गायचे असतात, त्यामुळे लय सबंध दिग्दर्शकाच्या हातावर असते. बार्बरशॉपमध्ये 'स्वाइप' नावाची एक चीज आहे: बहुधा लीड एका स्वरावर टिकून राहतो आणि बाकीचे तीन आवाज त्याच्याखाली-वर सरकत मेळ बदलतात, शब्दाचं एकच अक्षर तोंडात असताना. चौघांना ते नजरेनं जमतं. शंभर जणांना दिग्दर्शकाच्या बोटाकडे पाहून एका क्षणी सरकावं लागतं. हेन्री स्वतः खर्जाचे गायक आहेत. खर्जवाला नेहमी मेळाच्या तळातून वरचं ऐकत असतो. दिग्दर्शनात ही सवय त्यांच्या कामी आली असणार, असा माझा अंदाज आहे.

या स्पर्धेत जिंकलेल्या वृंदाला पुढची दोन वर्षं उतरता येत नाही. डॅलसच्या 'व्होकल मेजॉरिटी'नं त्या नियमात राहून १९७९ पासून २००६ पर्यंत दर तिसऱ्या वर्षी, म्हणजे सलग दहा वेळा सुवर्ण नेलं होतं. २००९ ला अ‍ॅनाहाइममध्ये ही साखळी तुटली ती हेन्री यांच्या वृंदामुळे. 'द म्युझिक मॅन' या संगीतिकेतल्या 'सेव्हंटी-सिक्स ट्रॉम्बोन्स' या गाण्याचं त्यांचं तेव्हाचं सादरीकरण बार्बरशॉप न ऐकलेल्या लोकांनीही पाहिलं आहे. ती संगीतिका १९५७ मध्ये ब्रॉडवेवर आली तेव्हा तिच्यात १९५० ची विजेती चौकडी 'बफेलो बिल्स' गात होती, त्यामुळे ही निवड घरच्या अंगणातलीच म्हणायची. २०१२ आणि २०१६ ला अ‍ॅम्बॅसडर्सनी पुन्हा पदक घेतलं. या सगळ्या काळात हेन्री यांची नोकरी शिक्षकाची. मिझुरी विद्यापीठाच्या सेंट लुइस शाखेत ते समूहगानाचे प्राध्यापक झाले.

आणि आता तो प्रबंध. १९९२ मध्ये न्यू ऑर्लिन्सचे संशोधक लिन अ‍ॅबट यांनी 'अमेरिकन म्युझिक' या नियतकालिकात एक दीर्घ लेख लिहिला. जुन्या कृष्णवर्णीय वृत्तपत्रांतल्या बातम्या आणि संगीतकारांच्या आठवणी एकत्र करून त्यांनी दाखवलं, की बार्बरशॉप हार्मनी कृष्णवर्णीयांमध्ये जन्मली. हा पुरावा कागदाचा होता. हेन्री यांनी त्याला कानाचा पुरावा जोडला. सेंट लुइसच्या वॉशिंग्टन विद्यापीठाला २००० साली सादर केलेल्या प्रबंधात त्यांनी जुन्या कृष्णवर्णीय आणि गोऱ्या चौकड्यांची ध्वनिमुद्रणं आणि स्वरलेखनं शेजारी शेजारी ठेवून तपासली.

काम सोपं नव्हतं. न्हाव्याच्या दुकानातलं गाणं कुणी मुद्रित केलेलं नाही. १९०२ मध्ये व्हिक्टर कंपनीसाठी गायलेल्या 'डिनविडी कलर्ड क्वार्टेट'सारख्या थोड्या चौकड्यांच्या तबकड्या आहेत, तर त्याच काळातल्या गोऱ्या चौकड्यांच्या ढिगानं सापडतात. त्या तबकड्यांवर खरखर एवढी, की मधल्या दोन आवाजांतला बॅरिटोन कोणता हे ओळखायलाच सरावलेला कान लागतो. पण शोधायचं काय हे हेन्रींना माहीत होतं. कोमल निषादाचा मेळ, स्वाइप, एकानं ओळ टाकायची आणि बाकीच्यांनी उचलायची ही पद्धत, ऐनवेळी सुचेल तसा मेळ बांधणं, ही सगळी लक्षणं त्यांनी आफ्रिकी-अमेरिकी संगीताच्या इतर प्रकारांशी ताडून पाहिली. धागा जुळत गेला. बार्बरशॉप हा स्पिरिच्युअल (कृष्णवर्णीयांची भक्तिगीतं), ब्लूज आणि जाझच्याच कुळातला आहे, हे त्यांनी दाखवून दिलं.

हे अ‍ॅबटही म्हणत होते, मग हेन्रींच्या म्हणण्यानं काय वेगळं झालं? माझ्या मते फार. अ‍ॅबट बाहेरचे अभ्यासक होते, त्यांच्याकडे काणाडोळा करणं शक्य होतं. हेन्री सुवर्णपदक विजेते, ज्यांच्या खर्जाची तरुण गायक नक्कल करत. त्यांनी २००१ मध्ये संस्थेच्या 'द हार्मनायझर' या मुखपत्रात हाच विषय सदस्यांसमोर मांडला. घरातल्या वडीलधाऱ्यानं जुनी वही काढून दाखवली की भाऊबंदांना ऐकून घ्यावंच लागतं, तसं झालं.

सगळे अभ्यासक अगदी एकाच ठिकाणी थांबलेले नाहीत. गेज अ‍ॅव्हरिल यांनी २००३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात गोऱ्या आणि कृष्णवर्णीय गायकांमधली दीर्घ देवाणघेवाण मांडली आहे. मिन्स्ट्रेल खेळ (गोऱ्यांनी तोंडाला काळं फासून कृष्णवर्णीयांची नक्कल करायचे ते), युरोपातून आलेले गाणाऱ्या कुटुंबांचे जथे, चर्चमधलं गाणं, असे बरेच प्रवाह त्यांनी दाखवले. पण कृष्णवर्णीयांचा वाटा बाजूला ठेवून हा इतिहास आता सांगता येत नाही, यावर कुणाचं दुमत उरलेलं नाही.

संस्थेनं २०१७ मध्ये सगळ्यांना सामावून घेण्याचं धोरण जाहीर केलं आणि २०१८ पासून स्त्रियांना पूर्ण सदस्यत्व खुलं केलं. गायकीचा उगम आफ्रिकी-अमेरिकी समाजात झाला, हे संस्था आता स्वतःहून सांगते. रेड कॅप्सना ज्या शहरातल्या स्पर्धेबाहेर ठेवलं गेलं, त्याच शहरातल्या विद्यापीठात तो प्रबंध मान्य झाला, आणि लिहिणाऱ्याचं गाणं, शिकवणं, तालमी घेणंही त्याच भागात झालं.