पार्श्वभूमी : प्रायव्हेट गॉडफ्रे होण्याआधीचे आर्नल्ड रिडली

बीबीसीची ‘डॅड्स आर्मी’ ही विनोदी मालिका १९६८मध्ये सुरू झाली, तेव्हा आर्नल्ड रिडली ७२ वर्षांचे होते. दुसऱ्या महायुद्धातल्या होम गार्डची, म्हणजे ब्रिटनच्या रक्षणासाठी उभारलेल्या स्वयंसेवकांच्या दलाची ही गोष्ट. त्यात रिडलींनी साकारलेला प्रायव्हेट (साधा शिपाई) गॉडफ्रे म्हणजे बहिणींसोबत राहणारा, मऊ बोलणारा, सारखी लघवीला जायची परवानगी मागणारा म्हातारा. भूमिका दुय्यम, संवाद मोजके. तरी प्रेक्षकांनी त्याच्यावर जीव लावला.

रिडलींचा जन्म १८९६चा, बाथ शहरातला. पहिल्या महायुद्धात ते सॉमरसेट लाइट इन्फंट्रीत होते. १९१६मध्ये फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत त्यांना संगीन लागली, डावा हात जवळजवळ निकामी झाला, डोक्यावर बंदुकीच्या दस्त्याचा घाव बसला आणि पुढे अधूनमधून शुद्ध हरपू लागली. सैन्यातून सुटून आल्यावर एका बाईने भररस्त्यात त्यांच्या हाती पांढरे पीस ठेवले. धडधाकट दिसणारा तरुण आघाडीवर नाही म्हणजे तो भेकड, असे हिणवण्याची ती तेव्हाची रीत. जखमी सैनिकाचा बिल्ला त्यांच्या खिशातच होता. मिरवायचा नाही म्हणून लावला नव्हता. त्यांनी पीस घेतले आणि अवाक्षरही काढले नाही.

बर्मिंगहॅमला नट म्हणून जम बसत होता, पण जुन्या जखमांनी उचल खाल्ली आणि ते लेखनाकडे वळले. मँगट्सफील्ड स्थानकात गाडीसाठी ताटकळताना सुचलेले त्यांचे नाटक ‘द घोस्ट ट्रेन’ १९२५मध्ये लंडनला आले आणि तुफान चालले. पुढे चित्रपटनिर्मितीत मात्र हात पोळले. १९४०मध्ये ते पुन्हा गणवेश चढवून फ्रान्समध्ये होते. तिथून परतल्यावर खऱ्याखुऱ्या होम गार्डमध्येही दाखल झाले.

हे सगळे ठाऊक असेल, तर १९६९चा ‘ब्रँडेड’ हा भाग काळजाला भिडतो. पहिल्या महायुद्धात आपण लढायला नकार दिला होता, असे गॉडफ्रे सांगतो आणि सगळी पलटण त्याच्याशी तुटक वागू लागते. नंतर कळते की, शस्त्र न धरता त्याने सोमच्या रणभूमीवरून जखमींना उचलून आणले होते आणि त्यासाठी त्याला मिलिटरी मेडल मिळाले होते. मला हा रिडलींचा सर्वांत मोठा अभिनय वाटतो, कारण ते कुठेही सहानुभूती मागत नाहीत.

मालिका १९७७मध्ये संपली, तेव्हा ते ८१ वर्षांचे होते. १९८२मध्ये त्यांना ‘ओबीई’ हा किताब मिळाला, तो रंगभूमीच्या सेवेबद्दल. १९८४मध्ये त्यांचे निधन झाले.