अथेन्सची ‘अज्ञात देवाची’ वेदी आणि पौलाने सांगितलेला देव

बायबलमधल्या ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकाच्या १७व्या अध्यायात येशूचा संदेश सांगत फिरणारा पौल अथेन्सकरांना सांगतो की, तुमच्या शहरात हिंडताना ‘अज्ञात देवाला’ असं कोरलेली एक वेदी मला दिसली आणि तुम्ही न ओळखता जे भजता तेच मी तुम्हाला जाहीर करतो. एवढ्यावरून पुष्कळ वाचक समजतात की ग्रीकांना एका निनावी परमेश्वराची चाहूल लागलीच होती, पौलाने फक्त त्याचं नाव सांगितलं. आपल्याकडे तर ‘अज्ञात’ वाचलं की मन थेट ‘निर्गुणा’कडे जातं. गल्लत तिथेच होते.

ग्रीकांची अडचण साधी होती: यज्ञ कुणाला पोचवायचा? वेदीवर जव उधळायचे, पशूच्या डोक्यावरचे थोडे केस कापून आगीत टाकायचे, गळा चिरायचा, मांडीची हाडं चरबीत गुंडाळून जाळायची आणि उरलेलं मांस वाटून खायचं. हे करताना देवाला त्याच्या नावाने, बिरुदांनी हाक मारावी लागे. हाक भलत्यालाच गेली तर ज्याचा कोप झालाय तो तसाच रुसलेला राहणार. ग्रीसमधल्या डोडोना इथे, ग्रीकांचा मुख्य देव झ्यूस याच्या कौलस्थानी, शिशाच्या पातळ पट्ट्या सापडल्या आहेत. ‘कुठल्या देवाला किंवा वीराला यज्ञ केला तर माझं भलं होईल?’ हा प्रश्न त्यांवर पुन्हा पुन्हा येतो.

नाव कळलंच नाही तर काय करायचं, याचं उत्तर तत्त्वज्ञांची चरित्रं लिहिणाऱ्या डायोजिनीस लेअर्टियसने नोंदवलेल्या एका आख्यायिकेत आहे. अथेन्समध्ये साथ पसरली तेव्हा क्रेट बेटावरच्या एपिमेनिडीस या द्रष्ट्याने काळी आणि पांढरी मेंढरं अरियोपागस टेकडीवरून मोकळी सोडली. जे मेंढरू जिथे बसेल तिथे त्या जागेच्या देवाला त्याचा बळी द्यायचा. त्यामुळेच त्या भागात निनावी वेद्या आढळतात, असं डायोजिनीस सांगतो. या वेदीमागे गूढ चिंतनापेक्षा खबरदारी जास्त आहे. एखाद्या देवाचा मान चुकून राहून गेला असेल तर तो इथे पोचावा, एवढाच तिचा हेतू.

शिवाय अशा वेद्यांचे उल्लेख बहुतेक अनेकवचनी आहेत. दुसऱ्या शतकातला प्रवासी पॉसेनियस फालेरॉन बंदरावर आणि ऑलिंपियात अज्ञात ‘देवांच्या’ वेद्या असल्याचं लिहितो. बायबलचा लॅटिन अनुवादक जेरोम तर स्पष्टच म्हणतो की, मूळ लेख आशिया, युरोप आणि आफ्रिकेच्या अज्ञात आणि परक्या देवांना उद्देशून होता. पौलाला एकच देव हवा होता म्हणून त्याने एकवचन वापरलं, असं जेरोमचं म्हणणं. एकवचनी लेखाची वेदी अथेन्समध्ये आजवर सापडलेली नाही. पौलाने दिलेला लेख दोनच शब्दांचा आहे, ‘अग्नोस्तो थेओ’. ग्रीकमध्ये त्याला उपपद (इंग्रजीतल्या ‘the’सारखा शब्द) नाही, त्यामुळे ‘तो एकमेव अज्ञात देव’ असा अर्थ त्यातून आपोआप निघत नाही. मराठी ‘अज्ञात देवाला’ इथे इंग्रजीपेक्षा मूळाच्या जास्त जवळ राहतं.

आता पौलाकडे. काळ साधारण इ.स. ५०-५१. वेदीचा उल्लेख झाल्यावर तो लगेच म्हणतो की, जग घडवणारा देव हातांनी बांधलेल्या मंदिरांत राहत नाही आणि माणसांच्या हातून सेवा घ्यावी अशी त्याला गरज नाही. म्हणजे ज्या देवाणघेवाणीसाठी ती वेदी उभी होती, तीच तो मोडीत काढतो. वेदी म्हणते, ‘यादीत कुणी राहिलं असेल तर…’; पौल ती यादीच बाजूला सारतो. प्राचीन हस्तलिखितांत ‘ज्याला तुम्ही भजता’ असं नसून ‘जे तुम्ही भजता’ असं नपुंसकलिंगी रूप आहे. वेदीचा देव आणि आपला देव एकच, असं तो सरळ म्हणत नाही, हे या एका सर्वनामातून दिसतं. नंतरच्या प्रतींत तिथे पुल्लिंग आलं आणि फरक पुसट झाला.

पुढे तो ‘आपण त्याचेच वंशज’ ही कवी अराटसची ओळ घेतो. मूळ कवितेत ‘त्याचे’ म्हणजे झ्यूसचे. पौल झ्यूसचं नाव घेत नाही. या भाषणात येशूचं नावही नाही, फक्त ‘नेमलेला माणूस’ एवढंच आहे. श्रोते ऐकत होते ते न्यायाचा दिवस आणि मेलेल्यातून उठणं या दोन गोष्टी येईपर्यंत. तिथे काहींनी थट्टा केली, काही म्हणाले ‘याविषयी पुन्हा ऐकू’, आणि दियोनुस्य व दामारी यांच्यासह मोजक्यांनी विश्वास ठेवला.