शेळी ज्याला तोंड लावत नाही

सायन-पनवेल महामार्गाच्या दुभाजकात कोणतं झाड तगणार, हे माळ्याच्या हातात फारसं नसतं. धूर, धूळ, मे महिन्याचं ऊन, टँकरचं कधीमधी मिळणारं पाणी आणि मोकाट जनावरं, एवढ्यांच्या तावडीतून जे सुटेल ते टिकतं. कण्हेर सुटते, आणि वर वर्षभर गुलाबी-पांढरी फुलते. ठाण्यातल्या जुन्या बंगल्यांच्या कडेला, नवी मुंबईच्या सेक्टरांतल्या कोपऱ्यांवर तीच गोष्ट. कुंपण नाही, राखण नाही, तरी पान शाबूत. शेळी येते, हुंगते आणि पलीकडच्या सुबाभळीकडे वळते.

सोसायटीच्या ग्रुपवर 'आपल्या दारातली औषधं' अशी एक यादी फिरत असते. तिच्यात जास्वंद, सदाफुली, कण्हेर, गोकर्ण सगळे एका रांगेत बसवलेले असतात. कशाची पानं चावायची, कशाचा काढा करायचा. शोभेच्या झाडांना औषधी गुण असतात हे खरंच आहे, पण त्यांना असं एका रांगेत बसवायला माझा सक्त विरोध आहे. ज्या झाडाचा शेळी फडशा पाडते त्याचं औषध निराळं, आणि ज्याला ती तोंड लावत नाही त्याचं निराळं. दुसऱ्या प्रकारात औषध आणि विष हा एकच पदार्थ असतो, फरक फक्त मापाचा.

कण्हेरीच्या पानाफुलांत, खोडात, मुळांत ओलिअँड्रिन आणि त्याच्या जातीची इतर द्रव्यं असतात. हृदयाच्या प्रत्येक पेशीच्या आवरणात एक पंप असतो. तो सोडियम बाहेर फेकतो आणि पोटॅशियम आत घेतो. ओलिअँड्रिन हा पंप अडवतं. मग पेशीत सोडियम साचतं, त्यामागून कॅल्शियमही आत राहतं आणि हृदय जास्त जोरात आवळतं. इथवर हे औषधच झालं. मात्रा जरा पुढे सरकली की ठोक्यांचा ताल बिघडतो, नाडी मंदावते आणि हृदय थांबूही शकतं. युरोपातल्या फॉक्सग्लोव्ह या फुलझाडाचाही हाच गुण. विल्यम विदरिंग या इंग्रज डॉक्टरने १७८५ साली त्याच्यावर पुस्तक लिहिलं, आणि त्याच कुळीतलं डिगॉक्सिन डॉक्टर आजही देतात. त्याची रक्तातली पातळी मिलीलिटरला १ नॅनोग्रॅमच्या आसपास किंवा थोडी खालीच ठेवावी लागते. २ च्या पुढे धोका सुरू. आता कण्हेरीच्या एका पानात किती ओलिअँड्रिन आहे, हे पान हातात घेऊन कोण सांगणार? आपल्या वैद्यांना याची जाण होती. आयुर्वेदात करवीर, म्हणजे हीच कण्हेर, उपविषांत (दुय्यम विषांत) मोडते, आणि तिचा वापर मुख्यतः लेपापुरता, त्वचारोगांवर.

केरळमध्ये २०२४ साली एका तरुणीचा मृत्यू कण्हेरीची पानं चावल्यामुळे झाल्याचा संशय आला, आणि तिथल्या मंदिरांचा कारभार पाहणाऱ्या देवस्वम मंडळांनी नैवेद्य-प्रसादात कण्हेरीची फुलं वापरणं बंद केलं. आपल्याकडे पूजेच्या तबकात कण्हेर आणि प्रसादाची खडीसाखर शेजारी-शेजारी असतात. फूल देवाला वाहायला हरकत नाही, वाटी मात्र लांब ठेवावी. आणखी एक गोष्ट बागेची छाटणी करणाऱ्यांसाठी: पान वाळलं की कडवटपणा कमी होतो, विष तसंच राहतं. हिरव्या झाडाला न शिवणारी जनावरं छाटलेल्या फांद्यांच्या ढिगाला तोंड घालतात ती त्यामुळे.

पिवळी कण्हेर म्हणजे बिट्टी तर याहून वाईट. तिच्या कठीण बियांनी खेळण्यात आमच्या पिढीचं बालपण गेलं, आणि श्रीलंकेत त्याच बिया खाऊन शेकडो माणसं दगावली आहेत.

कण्हेरीला अजिबात न भिणारे जीवही आहेत. घोडबंदर रोडवरच्या ओवळेकर वाडीत फुलपाखरं बघायला जाणाऱ्यांना कॉमन क्रो हे तपकिरी-काळं फुलपाखरू ठाऊक असेल. त्याच्या अळ्या कण्हेरीवर वाढतात आणि पानाखाली लटकणारा कोष चकचकीत, रुपेरी असतो. दुसरा पाहुणा म्हणजे ओलिअँडर हॉकमॉथ या पतंगाची अळी. बोटाएवढी जाड, पोपटी, आणि मानेजवळ निळ्या-पांढऱ्या डोळ्यांसारखे दोन ठिपके. खालच्या फरशीवर काळ्या लेंड्या दिसल्या की वर बघायचं, ती तिथेच असते. तिच्या मज्जातंतूंभोवतीचा पडदा हे विष आत शिरू देत नाही. गंमत म्हणजे ही अळी कण्हेरीवर नसेल तर तगरीवर सापडते, आणि कधी कधी सदाफुलीवर. वनस्पतिशास्त्रज्ञांनी ही तिन्ही झाडं एकाच कुळात घातली आहेत. बिट्टी, देवचाफा, अलमांडा, ॲडेनियम, सातवीण, येऊरच्या जंगलातला पांढरा कुडा आणि सर्पगंधा हेही सगळे त्याच कुळातले. नवी मुंबईतल्या कुठल्याही उद्यानात अर्धा तास फिरा, निम्मं खानदान भेटेल.

त्या खानदानातली सगळ्यात साधी दिसणारी सदाफुली. मूळची मादागास्करची, आपल्याकडे इतकी रुळलीय की गटाराच्या भिंतीतल्या फटीतही उगवते. सकाळी उपाशीपोटी तिची पानं चावली की साखर उतरते, हा समज आपल्याकडे आहे तसाच जमैकातही होता. जमैकातली पानं १९५२ साली कॅनडात रॉबर्ट नोबल यांच्या प्रयोगशाळेत पोचली. अर्क पाजलेल्या प्राण्यांची साखर काही उतरली नाही. टोचून दिला तेव्हा उंदीर मात्र जंतुसंसर्गाने मरू लागले, कारण त्यांच्या रक्तातल्या पांढऱ्या पेशी झपाट्याने घटल्या होत्या. मधुमेहाच्या दृष्टीने प्रयोग फसला होता. पण पांढऱ्या पेशी बेसुमार वाढतात तो रोग म्हणजे रक्ताचा कर्करोग, आणि नोबल यांना यातून दुसरीच दिशा मिळाली. नोबल आणि चार्ल्स बीअर यांनी १९५८ साली व्हिनब्लास्टिन वेगळं केल्याचं जाहीर केलं. अमेरिकेत एली लिली कंपनीतही स्वतंत्रपणे काम चालू होतं. तिथून व्हिनक्रिस्टिन आलं आणि १९६३ मध्ये त्याला मान्यता मिळाली.

ही द्रव्यं करतात काय? पेशी दुभंगताना तिच्यात ट्युब्युलिन या प्रथिनाच्या बारीक नळ्या तयार होतात आणि रस्सीखेचीच्या दोरासारख्या गुणसूत्रांना दोन टोकांकडे ओढतात. व्हिनक्रिस्टिन ट्युब्युलिनला चिकटतं आणि दोरच वळू देत नाही. पेशी अर्ध्यात अडकते आणि मरते. भराभर दुभंगणाऱ्या कर्करोगाच्या पेशींना याचा फटका जास्त. पण अशाच नळ्या लांबलचक मज्जातंतूंमध्येही असतात, तिथे त्यांचं काम मालवाहतुकीचं. म्हणून व्हिनक्रिस्टिन घेणाऱ्या मुलांच्या बोटांना मुंग्या येतात, पाऊल उचलताना अडखळतं, पोट साफ होत नाही. डॉक्टर शरीराच्या आकारमानावरून मिलिग्रॅमच्या हिशेबात मात्रा काढतात आणि एका वेळी सहसा २ मिलिग्रॅमच्या वर जात नाहीत. तेही फक्त शिरेतून. चुकून पाठीच्या कण्यात गेलं तर जीव जातो.

खारघरला टाटा स्मारक केंद्राचं ॲक्ट्रेक हे कर्करोग संशोधन आणि उपचारांचं केंद्र आहे. लहान मुलांच्या रक्ताच्या कर्करोगावर जगभर जे उपचार होतात, त्यांत व्हिनक्रिस्टिन आजही पहिल्या फळीत आहे. म्हणजे खारघरच्या बाल्कन्यांत फुलणाऱ्या झाडाचं द्रव्य त्याच उपनगरात सलाइनमधून दिलं जातं. पण बाल्कनीतलं पान चावून ते मिळत नाही. एक ग्रॅम व्हिनब्लास्टिनसाठी सुमारे ५०० किलो वाळलेली पानं लागतात. इतकं कमी का, याचं उत्तर २०१० साली मिळालं आणि मला ते फार आवडतं. हे औषध दोन अर्ध्या भागांचं बनतं: कॅथरँथिन आणि व्हिंडोलिन. झाड पहिला भाग पानाच्या पृष्ठभागावरच्या मेणात आणून ठेवतं, दुसरा पानाच्या आतल्या पेशींत. दोघांची गाठच पडत नाही. झाडाला कर्करोगाशी काय देणंघेणं? त्याला पान खाणारे किडे आणि बुरशी आवरायची आहे, आणि त्यासाठी माल बाहेर मांडलेला बरा. २०२२ साली शास्त्रज्ञांनी यिस्टमध्ये सदाफुलीची जनुकं घालून हे दोन्ही भाग बनवून घेतले आणि मग जोडले.

साखरेसाठी पानं चावणाऱ्यांना एवढंच सांगेन की प्रत्येक पानात द्रव्यांचं प्रमाण वेगळं असतं. त्यातून मधुमेहाच्या गोळ्या चालू असतील तर नेमकं काय होईल, हे कुणी बांधून देऊ शकत नाही.

परंपरेचा नेम दर वेळी असा बाजूला लागतो असं नाही. सर्पगंधेची मुळी आपल्याकडे निद्रानाश आणि उन्मादावर देत. मुंबईचे हृदयरोगतज्ज्ञ रुस्तम जाल वकील यांनी १९४९ साली रक्तदाबावर तिचा उपयोग ब्रिटिश हार्ट जर्नलमध्ये मांडला आणि जग जागं झालं. तिच्यातलं रिसर्पिन १९५२ मध्ये वेगळं झालं; पुढे त्याने काही रुग्णांना नैराश्य येतं हेही कळलं. कुड्याची साल अतिसारावर, कुटजारिष्ट हे नाव घरोघरी ठाऊक. तिच्यातलं कोनेसिन आमांशाच्या अमिबावर लागू पडतं, पण शुद्ध स्वरूपात दिल्यावर मज्जासंस्थेवर परिणाम व्हायला लागले आणि ते मागे पडलं. सातविणीची साल हिवतापावर देत असत. प्रयोगशाळेत ती क्विनाइनच्या जवळपासही पोचली नाही. ऑक्टोबरमध्ये रात्री सातविणीच्या फुलांच्या वासाने डोकं दुखतं अशी तक्रार करणारे बरेच, माझ्यासकट.

आता शेळीच्या आवडीची झाडं. जास्वंद तिच्या तोंडाला लागली की कुंपणात काड्या उरतात, आणि गोकर्ण तर चाऱ्यासाठी मुद्दाम लावतात. दोन्हींची फुलं माणसाने खायला बऱ्यापैकी निर्धोक, आणि म्हणूनच औषध म्हणून सौम्य. गोकर्णीचा निळा चहा लिंबू पिळल्यावर जांभळा होतो, कारण पाकळीतलं अँथोसायनिन आम्लात रंग बदलतं. दिसायला झकास; त्याने स्मरणशक्ती वाढते म्हणणं मात्र उत्साहाचं. 'हिबिस्कस टी' म्हणून विकतात तो आपल्या जास्वंदीचा नसून लाल अंबाडीच्या बोंडांचा असतो. रक्तदाब थोडा उतरल्याचं माणसांवरच्या चाचण्यांत दिसलं ते त्या अंबाडीने. जास्वंदीचं तेल खुशाल केसांना लावा.

कुळाबाहेरही शेळीचा कौल चालतो. गावाकडे अडुळशाचं कुंपण घालतात ते ती खात नाही म्हणून. त्याच्यातल्या व्हॅसिसिनवरून बेतलेलं ब्रोमहेक्सिन कफाच्या औषधांत आहे.

घरात रांगतं मूल किंवा कुत्र्याचं पिल्लू असेल तर कण्हेर, बिट्टी आणि नर्सरीत हल्ली हौसेने घेतात ते ॲडेनियम हाताला लागेल अशा उंचीवर नको. ॲडेनियमचा चीक आफ्रिकेत बाणांना लावत. छाटणीनंतर हात साबणाने धुवावेत. पान किंवा बी पोटात गेल्याचा नुसता संशय आला तरी उलटी होण्याची वाट न बघता रुग्णालय गाठावं, आणि झाडाची एक डहाळी पिशवीत घालून सोबत न्यावी. डॉक्टर रक्तातल्या डिगॉक्सिनची तपासणी करून बघू शकतात. कण्हेरीचं द्रव्य त्याच्याशी इतकं मिळतंजुळतं की ती तपासणी बहुधा त्यालाही पकडते, आणि डिगॉक्सिनच्या विषबाधेवरची प्रतिपिंडं कण्हेरीच्या आणि बिट्टीच्या विषबाधेतही वापरली जातात.