स्पंदन व कंपन नियंत्रण (कॉम्प्रेसर आणि पंप)

दट्ट्याच्या कॉम्प्रेसरमधून वायू सलग धारेने बाहेर पडत नाही; प्रत्येक धावेला त्याचा एक लोट सुटतो. त्यामुळे पाइपमधील दाब ठरावीक लयीत वरखाली होतो, ते स्पंदन. त्या दाबाच्या ढकलण्याने पाइप, सिलिंडर व पाया हलतात, ते कंपन. नियंत्रण करताना या दोहोंची गल्लत हमखास होते आणि स्पंदन तसेच ठेवून नुसते आधार वाढवले जातात.

खरा धोका अनुनादाचा, म्हणजे स्पंदनाची लय पाइपमधील वायूच्या स्वतःच्या नैसर्गिक लयीशी जुळण्याचा. मिनिटाला ६०० फेरे घेणाऱ्या द्विक्रिय (दट्ट्याच्या दोन्ही बाजूंनी वायू दाबणाऱ्या, म्हणजे फेऱ्याला दोन लोट सोडणाऱ्या) सिलिंडरचे मुख्य स्पंदन सुमारे २० हर्ट्झचे असते. वायूत ध्वनीचा वेग सेकंदाला ४०० मीटर धरला, तर बंद झडपेपाशी संपणाऱ्या ५ मीटर लांबीच्या शाखेची नैसर्गिक वारंवारिताही २० हर्ट्झच येते. अशा शाखेत वायू वाहत नसतो, तरी तिच्या बंद टोकाशी दाबाचे हेलकावे कैक पटींनी वाढतात. शाखेची लांबी बदलली की अनुनाद मोडतो. म्हणून हा हिशेब पाइपचा आराखडा कागदावर असतानाच व्हायला हवा.

सिलिंडरला लागूनच स्पंदनशामक टाकी बसवणे हा मुख्य उपाय. ऑरिफिस प्लेटनेही (भोक असलेल्या चकतीनेही) स्पंदन दबते, पण दाब खर्ची पडतो आणि वीज जास्त लागते. कंपनासाठी पाइप नुसता टेकवून भागत नाही, क्लॅम्पने घट्ट धरावा लागतो. मात्र तापल्यावर त्याला प्रसरणासाठी वावही हवा, आणि ही ओढाताण सोडवणे सर्वांत अवघड. अमेरिकन पेट्रोलियम इन्स्टिट्यूटच्या ६१८ क्रमांकाच्या मानकानुसार पाइपव्यवस्थेची किमान यांत्रिक नैसर्गिक वारंवारिता यंत्राच्या कमाल गतीच्या २.४ पटींहून जास्त असावी. तडा मात्र बहुधा मोठ्या पाइपला जात नाही. प्रेशर गेजची बारीक नळी, तिच्या टोकाला जड झडप आणि बुडाशी वेल्ड अशी रचना असली, की धातू थकून वेल्डपाशीच चिरतो. झडप मुख्य पाइपलाच आधार देऊन बांधली, तर हे टळते.

दट्ट्याच्या पंपांत द्रव फारसा दबत नसल्याने नुसती रिकामी टाकी पुरत नाही. नायट्रोजन भरलेल्या रबरी पिशवीचे डॅम्पनर (स्पंदन शोषणारे साधन) वापरतात. शोषणाच्या बाजूला दाब क्षणभर बाष्पदाबाखाली (ज्याखाली द्रवाची वाफ होऊ लागते) गेला तरी पोकळीभवन (वाफेचे बुडबुडे बनून फुटणे) होऊन झडपा झिजतात, म्हणून तिथेही डॅम्पनर लागू शकतो. नायट्रोजन गळून गेल्यास बाहेरून काही दिसत नाही, पण डॅम्पनर निकामी झालेला असतो. त्यामुळे पंप थांबवून, द्रवाचा दाब उतरवून नायट्रोजनचा दाब नियमित तपासावा लागतो.